आबांचं प्यादं एकच घर चालायचं

मागच्या रविवारी भाचीनं मला सरळ चीटर ठरवलं. झालं असं की तिच्या आईबाबांना कुठल्यातरी लग्नाला जायचं होतं म्हणून पोरगी सकाळपासून आमच्याकडे, मी कोपऱ्यावरून तर्री-पोहे आणले, ते खाताखाता पण तिचं मोबाईलवर बुलेट सुरू, म्हणजे एका मिनिटाचा डाव, टपटपटप, हरली की पुढचा, जिंकली की पुढचा. म्हटलं ठेव तो डबा बाजूला, ये इथं पटावर बस माझ्यासमोर. बसली. आणि तीस-एक चालींनंतर माझा राजा असा काही अडकला की सुचेना, तेव्हा मी आपला गमतीत राजा उचलला आणि घोड्यासारखा अडीच घरं उडवून कोपऱ्यात ठेवून दिला.

"मामा, तू चीटिंग करून राहिला!"

मी म्हटलं चीटिंग नाही, हा आबांचा नियम आहे. "कोण आबा?" तुझ्या आईचे आजोबा. "मग त्यांना चेस येत नव्हतं का?"

आता नऊ वर्षांच्या पोरीनं विचारलं म्हणून सोडून दिलं असतं, पण हेच वाक्य, अगदी शब्दाला शब्द नाही पण हेच, मी स्वतः अकरा वर्षांचा असताना आबांच्या तोंडावर म्हटलेलं आहे. म्हणून हे लिहून राहिलो. लांबेल, आधीच सांगतो.

आबा म्हणजे माझ्या आईचे वडील. नागपूरच्या महालात घर, मागे लांबुळकी अंधारी खोली, पुढे ओटा. एम्प्रेस मिलमध्ये सगळी नोकरी काढली. बुद्धिबळ शिकले ते तिथंच, जेवणाच्या सुट्टीत, असं सांगायचे. त्यांचा पट लाकडाचा नव्हता. आजीच्या जुन्या लुगड्याच्या कापडाचा, दुहेरी करून शिवलेला आणि त्यावर लाल दोऱ्यानं आडवे-उभे टाके घालून चौसष्ट घरं. काळं-पांढरं काही नाही, सगळी घरं एकाच रंगाची! खूप वर्षांनी कळलं की आपल्याकडचे जुने पट असेच असायचे, एक घर काळं एक घर पांढरं ही हौस युरोपातली. मोहरे लाखेचे, एक फौज लाल एक हिरवी, आणि लाल फौजेतला एक घोडा मुंडकं तुटलेला होता त्याला आम्ही मुंड्याच म्हणायचो. उन्हाळ्यात कूलर लावून दुपारभर त्या पटावर. कूलरच्या हवेनं पट उडायचा म्हणून चार कोपऱ्यांवर चार वाट्या ठेवलेल्या, त्यातल्या एका वाटीत आबांची सुपारी.

नियम सांगतो आता, कारण सगळी गंमत त्यातच आहे.

प्यादं एकच घर चालणार, पहिल्या चालीलासुद्धा. त्यामुळे डाव सुरू व्हायलाच दहा मिनिटं लागायची, दोन्हीकडची प्यादी मुंगीच्या पावलानं सरकून राहिलीत. दोघांनीही वजीर आपल्या राजाच्या उजव्या हाताला ठेवायचा, म्हणजे समोरासमोर राजा-राजा येत नाहीत, माझ्या राजासमोर तुमचा वजीर येतो. प्यादं शेवटच्या घरी पोचलं तर लगेच वजीर मागायचा नाही, ज्या घरात पोचलं त्या घराचा मूळ मालक जो असेल तो मिळणार. घोड्याच्या घरात पोचलं तर घोडा, हत्तीच्या घरात हत्ती. वजीर पाहिजे असेल तर प्यादं तिकडंच न्यायची अक्कल आधीपासून पाहिजे. समोरच्याचा राजा एकटा उरला की बुर्जी, म्हणजे पूर्ण मात नाही, अर्धीच जीत, त्यामुळे जिंकणाऱ्यालाही जपून मारावं लागायचं, समोरच्याचं एखादं प्यादं मुद्दाम जिवंत ठेवून. आणि प्याद्यानं मात दिली तर तिला प्यादेमात म्हणायचे, ती झाली की आबा दिवसभर आजीला सांगत फिरायचे.

आणि राजाची उडी. कॅसलिंग, म्हणजे राजा आणि हत्ती एकाच चालीत हलवून राजाला कडेला लपवणं, ते नाही, किल्लेकोट नाही. राजाला अख्ख्या डावात एकदा, फक्त एकदा, घोड्यासारखी अडीच घराची उडी मारता येते. पण अट अशी की तोवर त्याला एकदाही शह लागलेला नसावा. शह लागला, मग तो कसाही परतवा, उडी गेली.

म्हणून आबा काय करायचे, डावाच्या अगदी सुरुवातीला, पाचव्या-सहाव्या चालीला, उंट आणून एक फालतू शह द्यायचे. मी प्यादं मध्ये घालायचो, त्यांना उंट परत न्यावा लागायचा. मला वाटायचं म्हातारा येडा झाला, दोन चाली फुकट घालवल्या. अकरा वर्षांच्या पोट्ट्याला काय कळते.

१९८८ मध्ये आनंद भारताचा पहिला ग्रँडमास्टर झाला आणि आमच्या बाबांना एकदम वाटलं की आपल्या घरात पण एक आनंद आहे. १९९० च्या मे महिन्यात त्यांनी दहा रुपये भरून माझं नाव एका टूर्नामेंटमध्ये टाकलं. एका शाळेचा हॉल, दोन भलेमोठे कूलर, त्यांचा आवाज इतका की आर्बिटरला ओरडावं लागायचं. मी तेल लावून भांग पाडून गेलेलो. आबांकडून शिकलेलो, वाड्यातल्या सगळ्यांना हरवणारा, मला कसली भीती.

पहिलाच डाव. मोहरे मांडतानाच समोरचा पोट्टा म्हणाला तुझा वजीर उलट्या घरात आहे. मी म्हटलं तुझा उलटा आहे. आर्बिटर आले, त्यांनी माझाच बदलला. मग माझ्या पहिल्या चालीवर समोरच्यानं राजापुढचं प्यादं दोन घरं सारलं. मी हात वर केला, सर हा दोन घरं चालला. सर म्हणाले चालते. मला वाटलं सर त्याचे नातेवाईक असतील. चार-पाच चालींनी त्यानं एकाच वेळी राजा पण उचलला आणि हत्ती पण उचलला, दोन मोहरे एका चालीत! मी परत हात वर केला. आता आजूबाजूचे पोट्टे हसायला लागले.

दुसरा डाव त्याहून वाईट. समोरच्याचा वजीर माझ्या अंगावर येऊन राहिलेला, मी शांतपणे राजा उचलला, अडीच घरं उडवून बाजूच्या प्याद्याच्या आडोशाला ठेवला आणि मनात म्हटलं, आता कर काय करतो ते. तो पोट्टा आधी नुसता पाहतच राहिला. मग खुर्चीवरून उठून ओरडला, "सर, ह्याचा राजा घोडा झाला!" अख्खा हॉल हसला. मला ते हसणं अजून ऐकू येते, कूलरच्या आवाजावरून. आर्बिटर आले, राजा परत जुन्या घरात ठेवला, आणि म्हणाले टच मूव्ह, राजाला हात लागला आहे, राजाच चालवावा लागेल. आणि राजाला जायला एकच घर होतं, पुढं, उघड्यावर. तिथं गेला आणि मेला. नियमानं सर बरोबरच होते हं, आज मी पण तेच केलं असतं.

पाचपैकी एक गुण मिळाला. तोही समोरचा आलाच नाही म्हणून.

घरी आलो आणि आबांवर जे काही बोललो ते इथं लिहीत नाही. सार असं की तुम्हाला येतच नाही, तुमचे नियम खोटे, तुमच्यामुळे सगळे हसले. आबा ओट्यावर बसलेले. ते फक्त म्हणाले, "बरं बापा. तुह्या नियमानं खेळू." आणि खरंच खेळले. कॅसलिंग शिकले, दोन घरांचं प्यादं शिकले, पुढची पाच-सहा वर्षं माझ्याशी माझ्याच नियमानं खेळले आणि बहुतेक हरले. एकदाच म्हणाले की राजा कोपऱ्यात लपते अन् हत्ती दारावर पहारा देते, हे कसलं राजेपण. १९९६ ला गेले. त्यांच्या नियमानं परत खेळू असं मी एकदाही म्हटलं नाही, आणि ते स्वतः म्हणणारे माणूस नव्हते.

मग मधली वीस-पंचवीस वर्षं नोकरी, लग्न, हप्ते, बुद्धिबळ बंदच. लॉकडाऊनमध्ये सगळं जग ऑनलाइन चेस खेळायला लागलं तसा मी पण लागलो, आणि खेळण्यापेक्षा वाचायला जास्त लागलो. एका रात्री मीर सुलतान खानबद्दल वाचत होतो आणि एका ओळीवर थांबलो. तिथं लिहिलेलं की हा माणूस ज्या देशी पद्धतीनं लहानपणी शिकला तिच्यात प्यादं एकच घर चालायचं, कॅसलिंग नव्हतं, त्याऐवजी राजाला एकदा घोड्याची उडी असायची, आणि राजासमोर राजा नसून वजीर असायचा.

मी उठून पाणी प्यालो. परत येऊन परत वाचलं.

म्हणजे आबा काही मनानं बनवत नव्हते! उत्तर भारतापासून आपल्याकडेपर्यंत लोक थोड्याफार फरकानं असंच खेळायचे, गावागणिक बारीकसारीक नियम वेगळे, पण हाडं तीच. एम्प्रेस मिलच्या जेवणाच्या सुट्टीत जो डाव चालायचा तो तोच होता.

आता सुलतान खान कोण हे माहीत नसेल तर थोडं सांगतोच, कारण ही गोष्ट ऐकून कोणाचं पोट भरत नाही. पंजाबातला माणूस, सर उमर हयात खान नावाच्या बड्या जमीनदाराच्या पदरी. विलायती नियम विशी ओलांडल्यावर शिकला. १९२८ मध्ये अखिल भारतीय स्पर्धा जिंकला, १९२९ मध्ये मालकाबरोबर लंडनला गेला आणि त्याच वर्षी ब्रिटिश चॅम्पियन झाला. परत १९३२, परत १९३३. इंग्रजी धड येत नाही, ओपनिंगची, म्हणजे डावाच्या सुरुवातीच्या चालींची, पुस्तकं वाचलेली नाहीत, थंडीनं बेजार, आणि १९३०-३१ च्या हेस्टिंग्ज स्पर्धेत त्यानं कॅपाब्लांकाला हरवलं. कॅपाब्लांका म्हणजे माजी जगज्जेता, ज्याला हरवणं म्हणजे अंबाझरीचा तलाव बादलीनं उपसण्यासारखं. ऑलिम्पियाडमध्ये इंग्लंडच्या पहिल्या पटावर हाच बसायचा. आणि मग १९३३ च्या शेवटी मालक परत निघाले तसा हा पण निघाला, गावी गेला, आणि स्पर्धांचं बुद्धिबळ संपलं. १९६६ ला वारला. त्याच घरातली कामाला असलेली मिस फातिमा नावाची बाई १९३३ मध्ये ब्रिटिश महिला चॅम्पियन झाली, तिचं तर नावही कोणी घेत नाही. सुलतान खानला फिडेनं, म्हणजे जागतिक बुद्धिबळ संघटनेनं, मानद ग्रँडमास्टर केलं ते २०२४ मध्ये. मेल्यावर अठ्ठावन्न वर्षांनी. घ्या.

त्या रात्रीनंतर मी उलटा निघालो, नियम कुठून आले ते शोधत. आणि जितकं वाचलं तितकं माझं अकरा वर्षांचं तोंड लहान होत गेलं.

आपल्याकडे चतुरंग, सहाव्या शतकाच्या आसपास. हत्ती, घोडे, रथ, पायदळ, चार अंगं म्हणून चतुरंग. इथून इराणात गेलं तिथं चतरंग, अरबांकडे शतरंज, आणि राजाला शाह म्हणायचे म्हणून शह, शाह मात म्हणून मात. अरबांकडून युरोपात. तोवर वजीर म्हणजे अगदीच गरीब प्राणी, तिरपं फक्त एक घर चालायचा. हत्ती तिरपा दोन घरं उडी मारायचा. थांबा, हत्ती तिरपा? हो! आज आपण ज्याला उंट म्हणतो तो मोहरा मुळात हत्ती. स्पॅनिशमध्ये त्याला अजून आल्फिल म्हणतात, अल-फील, म्हणजे हत्तीच. रशियन लोक पण त्याला हत्तीच म्हणतात. आणि आपण ज्याला हत्ती म्हणतो तो मुळात रथ, फारसीत रुख, त्यावरून इंग्रजांचा रूक. बंगाल्यांनी आणि रशियनांनी त्याची होडी केली. इंग्रजांनी तिरप्या हत्तीचा पाद्री केला, कोणी म्हणतं की त्याच्या डोक्यावरची खाच पाद्र्याच्या टोपीसारखी वाटली म्हणून. म्हणजे एकच पट, आणि कोपऱ्यात कोणाचा हत्ती कोणाची होडी. भाची क्लासमध्ये बिशप म्हणते, घरी उंट म्हणते, दोन्ही चालते.

वजिराची गोष्ट मला सगळ्यात जास्त आवडते. रहीमचा तो दोहा शाळेत हिंदीत होता आम्हाला, हलका माणूस मोठा झाला की इतराते, जसं प्याद्याचा फर्जी झाला की टेढं टेढं चालायला लागते. आम्हाला मास्तरांनी अर्थ सांगितला गर्विष्ठ माणूस. पण फर्जी म्हणजे वजीर, आणि जुना वजीर खरोखरच फक्त तिरपा चालायचा! प्यादं सरळ चालते आणि वजीर झालं की टेढं. शब्दशः. ही बुद्धिबळाची चाल आहे हे ध्यानात यायला मला चाळिशी गाठावी लागली.

मग पंधराव्या शतकाच्या शेवटाला स्पेन-इटलीकडे वजिराला एकदम पंख फुटले. तिकडे तो राणी झालेला होताच, आता ती वाट्टेल त्या दिशेला वाट्टेल तितकी घरं. इटलीतले लोक या नव्या खेळाला पिसाळलेल्या राणीचा खेळ म्हणायचे. डाव एकदम वेगवान झाले, आधी दिवसभर चालायचे ते आता पंधरा-वीस चालीत मात. प्याद्याला पहिल्यांदा दोन घरं हे तर युरोपात त्याच्याही आधी सुरू झालेलं, डाव लवकर पेटावा म्हणून. मग पंचाईत अशी की दोन घरं उडून प्यादं शेजारच्या प्याद्याच्या नजरेतून सटकायला लागलं, म्हणून एन पासां, म्हणजे जाताजाता मारायचा नियम. सगळ्या नवशिक्यांना हा नियम मुद्दाम त्रास द्यायला काढला आहे असं वाटते, पण त्यात न्याय आहे. दोन घरांची सवलत नसती तर त्याची गरजच नव्हती. आबांच्या पटावर नव्हतीच.

आणि कॅसलिंग! हे वाचलं तेव्हा तर मी बायकोला उठवून सांगितलं, तिनं मला काय म्हटलं ते जाऊ दे. युरोपातही मध्ययुगात राजाला डावात एकदा उडी मारायची परवानगी होती, कुठं सरळ दोन घरं, कुठं घोड्यासारखी. तिच्यातूनच हळूहळू राजा आणि हत्ती दोघांनी मिळून हलायचं असं कॅसलिंग तयार झालं, आणि आजच्यासारखं पक्कं व्हायला सतरावं शतक उजाडलं, इटलीत तर त्यानंतरही कितीतरी वर्षं ते आपल्या वेगळ्याच पद्धतीनं करायचे. म्हणजे माझ्यावर जो हॉल हसला, "ह्याचा राजा घोडा झाला" म्हणून, ती उडी कॅसलिंगची मोठी बहीण.

वजीर मात्र आबांच्या पटावर नवाच होता, आजच्यासारखा चौफेर. उंटही नवा. म्हणजे देशी खेळ जुनाच्या जुना गोठून राहिलेला नव्हता, त्यानं नवं थोडं घेतलं, जुनं थोडं ठेवलं. आपण नाही का कूलर घेतला तरी माठ ठेवलाच.

अजून एक गोष्ट राहिली, आबांच्या ओपनिंगची. ते दरवेळी एकच मांडणी करायचे. राजाकडचा घोडा बाहेर, घोड्यापुढचं प्यादं एक घर, त्या मोकळ्या झालेल्या घरात उंट, वजिरापुढचं प्यादं एक घर. बस. मधली जागा मला देऊन टाकायचे. मी दणादण मध्ये प्यादी घुसवायचो आणि मला वाटायचं मी जिंकून राहिलो. मग केव्हातरी त्या कोपऱ्यातला उंट अख्ख्या पटाच्या तिरप्या रेषेवरून माझा हत्ती खायचा.

ह्याला किंग्ज इंडियन म्हणतात. आणि इंडियन का म्हणतात तर १८५० च्या आसपास कलकत्त्यात जॉन कॉक्रेन नावाचा स्कॉटिश बॅरिस्टर होता, तिकडच्या चांगल्या खेळाडूंपैकी, त्याला एक बंगाली ब्राह्मण भेटला, महेशचंद्र बॅनर्जी. दोघं शेकड्यानं डाव खेळले. महेशचंद्र हरलाच जास्त, पण कॉक्रेननं डाव लिहून ठेवले आणि त्यात हा माणूस सारखा असाच खेळताना दिसतो, प्यादी एकेक घर, उंट कोपऱ्यातून. जो लहानपणापासून एकाच घराच्या प्याद्यानं खेळला त्याला हेच सुचणार. ज्याला आज ग्रुनफेल्ड डिफेन्स म्हणतात तो त्यानं १८५५ मध्ये खेळलेला आहे, त्या ग्रुनफेल्डसाहेबांनी तो गाजवला १९२२ मध्ये. पुढं युरोपातल्या खेळाडूंनी ह्या सगळ्या कुटुंबाला इंडियन डिफेन्स नाव दिलं. किंग्ज इंडियन, क्वीन्स इंडियन, निम्झो-इंडियन. त्यातला निम्झोविच रीगाचा. नाव आपलं, कीर्ती त्यांची, असो.

तर माझे आबा, सातवी पास, महालातल्या ओट्यावर सुपारी चघळत किंग्ज इंडियन खेळायचे आणि मी त्यांना म्हटलं की तुम्हाला येत नाही.

भाचीच्या क्लासमध्ये लंडन सिस्टिम शिकवतात. मला ती लंडन अजिबात आवडत नाही, समोरचा काय पण करो आपली तीच मांडणी, लहान पोरांना विचार न करता खेळायची सवय लागते. (हो, आबा पण दरवेळी तीच मांडणी करायचे, माहीत आहे. ते वेगळं.) मी तिला म्हटलं आधी इटालियन खेळ, मोहरे बाहेर काढ, मार खा. आणि तिला मॉर्फीचा तो डाव दाखवला, १८५८, पॅरिसचं ऑपेरा हाऊस, एकवीस वर्षांचा पॉल मॉर्फी एकीकडे आणि ड्यूक ऑफ ब्रन्सविक आणि काउंट इझुआर दोघं मिळून दुसरीकडे. सतरा चाली. घोडा दिला, मग हत्ती दिला, आणि सोळाव्या चालीला चक्क वजीर नेऊन समोरच्या घोड्याच्या तोंडात दिला. घोड्यानं खाल्ला, आणि हत्ती सरळ जाऊन मात. शेवटी पटावर त्याचे मोहरे किती उरले पाहिलं तर मात द्यायला एक हत्ती आणि त्याला धरून असलेला एक उंट, पुरे. भाची म्हणाली "परत दाखव." तीनदा दाखवला. मोबाईल तेवढा वेळ बाजूला पडून होता हे मी नोंदवून ठेवलं.

तिला हे वेड लागलं त्याला कारण अर्थात दिव्या देशमुख. २०२५ चा २८ जुलै, सोमवार. बातुमीला महिला वर्ल्ड कपची फायनल, दिव्या विरुद्ध कोनेरू हंपी, एकोणीस विरुद्ध अडतीस. क्लासिकलचे, म्हणजे लांब वेळाचे, दोन्ही डाव बरोबरीत, म्हणून टायब्रेक, कमी वेळाच्या रॅपिड डावांचा. मी ऑफिसात, मोबाईल ड्रॉवरमध्ये उघडा ठेवून. रॅपिडचा पहिला डाव बरोबरीत, दुसऱ्यात दिव्या काळ्या मोहऱ्यांनी, आणि जिंकली. पंधरावं सीडिंग होतं तिचं. आधी एक ग्रँडमास्टर नॉर्म, म्हणजे त्या किताबासाठी स्पर्धांमध्ये दाखवावी लागते ती कामगिरी, पण नव्हता आणि वर्ल्ड कप जिंकल्यामुळे थेट ग्रँडमास्टर, देशातली अठ्ठ्याऐंशीवी. ती आईला मिठी मारून रडली तो व्हिडिओ आमच्या फॅमिली ग्रुपवर किमान नऊ जणांनी टाकला. ज्यांना घोडा कसा चालतो माहीत नाही ते पण म्हणे "आपली पोरगी." आपलीच की. रौनक साधवानी आपला, २०१९ मध्ये तेराव्या वर्षी ग्रँडमास्टर झाला. संकल्प गुप्ता आपला, २०२१. एका शहरात तीन, आणि इतके दिवस पानठेल्यावर कोणी त्यांचं नाव काढत नव्हतं. आता पानठेल्यावरचा माणूस मला विचारते, भौ चेसचा क्लास कुठं लावू पोट्टीला, फी किती. मी सांगतो आधी घरी पट आण, दोन महिने तूच हर तिच्याकडून.

तर रविवारी. चीटिंगचा आरोप झाल्यावर मी उठलो आणि वरच्या माळ्यावरून ट्रंक काढली. आजीचा पट आहे अजून. लाल दोरा बराच उसवला, घडीवर कापड विरलं, पण घरं मोजता येतात. मोहरे नाहीत, ते कुठं गेले कोणाला माहीत नाही, मामांकडे असतील नाहीतर मुंड्यासकट रद्दीत. भाचीचे प्लॅस्टिकचे मांडले. तिला आधी वजीर दोघांच्या उजवीकडे हेच पटेना. मग सगळे नियम सांगितले, मला आठवतात तेवढे, आणि सगळे आठवत नाहीत. राजा एकटा उरल्यावर बुर्जी मोजायची कशी, प्यादं राजाच्याच घरात पोचलं तर नक्की काय मिळायचं, कोणाला विचारू. म्हटलं अशा वेळी आपण दोघं मिळून ठरवू.

चार वाट्या पण ठेवल्या कोपऱ्यांवर. पंखा होता, गरज नव्हती.

पहिल्या दोन डावात ती कंटाळली, प्यादी पुढं सरकतच नाहीत म्हणाली. तिसऱ्या डावात गप्प झाली. मी आबांची मांडणी केली, घोडा, प्यादं, उंट कोपऱ्यात. वजिरापुढचं प्यादं एक घर सारलं. ती बराच वेळ पाहत राहिली, मग आपल्या वजिरापुढचं प्यादं सरकवून जी वाट केली होती तिच्यातून उंट सरळ काढला आणि माझ्या राजासमोर रोखला. शह.

मी म्हटलं अगं काय करतेस, मी प्यादं मध्ये घालीन, तुला परत जावं लागेल, चाल फुकट जाईल तुझी. घातलं प्यादं. गेला तिचा उंट परत. फुकट गेली चाल.

"पण मामा," ती पोह्यातला शेवटचा शेंगदाणा उचलत म्हणाली, "आता तुझी उडी गेली नं?"